छोट्या प्रयोगांची परीक्षणं परत सुरू करा, जॅक स्मिथच्या निमित्ताने

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या महिन्यात तुमच्या रविवार पुरवणीत न्यूयॉर्कच्या साठच्या दशकातल्या अंडरग्राउंड सिनेमावर पानभर लेख आला होता. लेख चांगला होता, कापून ठेवलाय. पण त्यात जॅक स्मिथ या माणसाच्या वाट्याला आल्या मोजून तीन ओळी. त्याने 'फ्लेमिंग क्रीचर्स' नावाचा सिनेमा केला, पोलिसांनी तो अश्लील म्हणून उचलला, आणि १९८९ मध्ये तो एड्सने गेला. बस. मी त्या तीन ओळी परत परत वाचल्या आणि मला फार वाईट वाटलं, कारण तिन्ही ओळी खऱ्या आहेत आणि तरी माणूस त्यात कुठेच नाहीये.

मी पुण्यात तीसेक वर्षं प्रायोगिक नाटकांना लाइट करतेय. आणि याच पुरवणीत शेवटच्या पानावर छोट्या प्रयोगांच्या परीक्षणाचा जो कोपरा होता, दीडदोनशे शब्दांचा, तो वर्षभरापूर्वी बंद झाला. तुम्हाला वाटेल या दोन गोष्टींचा काय संबंध. मला तो संबंध दिसतो म्हणूनच हे पत्र लिहायला बसले, लांबलं तर सांभाळून घ्या, जागा नसेल तर कापा पण शेवटची मागणी तेवढी कापू नका.

आधी जॅकबद्दल. जन्म १९३२ चा, ओहायो राज्यातल्या कोलंबसचा. विशीत न्यूयॉर्कला आला, फोटो काढायचा, स्वतःचा छोटा फोटो स्टुडिओ चालवायचा. लहानपणापासून त्याला वेड होतं मारिया माँटेझचं, ही चाळीसच्या दशकातली हॉलिवुडची नटी, अरबी सुरस कथांसारख्या रंगीत सिनेमांत राणी नाहीतर शहजादी व्हायची. समीक्षक तिला हसायचे, अभिनय येत नाही म्हणायचे. जॅकने 'फिल्म कल्चर' मासिकात तिच्यावर मोठा लेख लिहिला आणि त्यात म्हणणं असं की ती स्वतःच्या सौंदर्यावर मनापासून विश्वास ठेवते, आणि तो विश्वास पडद्यावर दिसतो, ते चांगल्या अभिनयापेक्षा मोठं आहे. मला वाटतं त्याची पुढची सगळी कारकीर्द या एका वाक्यात आहे. लोक ज्याला टाकाऊ म्हणतात, बटबटीत म्हणतात, त्यात जीव ओतायचा.

सिनेमात तो आधी नट म्हणून आला. केन जेकब्सच्या 'ब्लाँड कोब्रा'मध्ये जॅक आहे, आणि त्या सिनेमात एक गोष्ट अशी आहे की मी पहिल्यांदा वाचली तेव्हा उडालेच. मधे मधे पडदा बराच वेळ पूर्ण काळा होतो, फक्त जॅकचा आवाज ऐकू येतो गोष्ट सांगताना, आणि दिग्दर्शकाची सूचना अशी की दाखवताना ठरलेल्या ठिकाणी हॉलमध्ये खराखुरा रेडिओ लावायचा, त्या क्षणी जे काय लागलं असेल ते, बातम्या, गाणी, जाहिराती. म्हणजे सिनेमा डब्यात बंद असला तरी दर वेळचा प्रयोग वेगळा. आपल्याकडे नाटकाच्या प्रत्येक खेळाला 'प्रयोग' म्हणतात ना, तो शब्द या लोकांना मिळाला असता तर फार उपयोगी पडला असता असं मला नेहमी वाटतं.

मग १९६२ चा उन्हाळा. मॅनहॅटनच्या लोअर ईस्ट साइडला विंडसर नावाचं जुनं थिएटर होतं, त्याच्या गच्चीवर जॅकने मित्रमंडळी गोळा केली. मुदत उलटून गेलेली काळ्या-पांढऱ्या फिल्मची रिळं, खर्च सगळा मिळून साधारण ३०० डॉलर. फिल्म जुनी असल्यामुळे चित्र काही ठिकाणी धुक्यासारखं पांढुरकं, काही ठिकाणी माणसं जवळजवळ विरघळलेली. बायकांचे कपडे घातलेले पुरुष, बायका, लिपस्टिक, खोटा भूकंप, वरून प्लास्टर पडतंय, मग शेवटी सगळे उठून नाचतात. जेमतेम पाऊण तास. साउंडट्रॅक टोनी कॉनराडचा, जो पुढे स्वतः मोठा संगीतकार आणि फिल्ममेकर झाला. हो, त्यात नग्नता आहे, मी लपवत नाही. पण तुम्ही बघितलात तर पहिली आठवण राहते ती त्या पांढऱ्या धुक्याची, लाइटवाली म्हणून सांगते, इतक्या खराब फिल्मवर इतका सुंदर उजेड मी दुसरीकडे पाहिला नाहीये. मी तो पाहिला मैत्रिणीच्या घरी, लॅपटॉपवर, तरीसुद्धा.

२९ एप्रिल १९६३ ला ब्लीकर स्ट्रीट सिनेमात मध्यरात्री तो पहिल्यांदा दाखवला. जॅकचं पुढे कायम म्हणणं होतं की ही कॉमेडी होती, लोक सुरुवातीला हसत हसत बघायचे. मग ३ मार्च १९६४ ला न्यू बोवरी थिएटरमध्ये पोलीस आले, सिनेमा जप्त केला आणि असे सिनेमे लोकांना दाखवणारा फिल्ममेकर जोनास मेकास, केन जेकब्स, फ्लो कार्फ वगैरेंना अटक झाली. बाहेर तिकीट घेणाऱ्यालासुद्धा सोडलं नाही. जॅकला अटक नाही! कोर्टात लेखिका सुसान सोंटॅग, कवी ॲलन गिन्सबर्ग साक्षीला आले, तरी शिक्षा झालीच, साठ दिवसांची, स्थगित. प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं. तिथे १९६७ मध्ये बहुमताने अपील निकालात काढलं, पण न्यायमूर्ती एब फोर्टास यांचं मत होतं की शिक्षा रद्द करावी. पुढच्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी फोर्टास यांचं नाव सरन्यायाधीशपदासाठी पुढे केलं तेव्हा विरोधकांनी हाच सिनेमा सिनेटर लोकांना दाखवला. फोर्टास यांचं नाव मागे पडलं, त्याला इतरही कारणं होती, पण गच्चीवर ३०० डॉलरमध्ये केलेला सिनेमा अमेरिकेच्या सिनेटपर्यंत गेला हे खरं.

आता इथे थांबून मी तुम्हाला विचारते, तुमच्या लेखात हे सगळं का आलं आणि बाकीचं का नाही? माझं उत्तर असं आहे की कोर्ट कागद जपून ठेवतं. पोलीस कागद जपून ठेवतात. जप्तीचा पंचनामा साठ वर्षांनी सापडतो. नटाने रात्री दोन वाजता वीस माणसांसमोर काय केलं याचा पंचनामा कोण करणार?

आणि जॅकने पुढची वीस वर्षं नेमकं तेच केलं. खटल्यानंतर तो फार दुखावला. त्याचा सिनेमा म्हणजे एक केस झाली, लोक हसायचे थांबले, घाण बघायला नाहीतर स्वातंत्र्याचा झेंडा बघायला यायला लागले. त्याचा राग मेकासवर होता, मेकासने आपली फिल्म पळवली, स्वतःचं नाव मोठं केलं असं तो आयुष्यभर म्हणत राहिला, त्याला वाईट वाईट नावं ठेवली. त्यात मेकासवर अन्याय झाला असं मला वाटतं, कारण तो माणूस त्या सिनेमासाठी अटक होऊन आला होता. पण जॅकचं दुःख खोटं नव्हतं. त्याने एक ठरवून टाकलं की परत कधी सिनेमा 'पूर्ण' करायचा नाही. पूर्ण झालेली वस्तू पळवता येते, जप्त करता येते, विकता येते. 'नॉर्मल लव्ह' नावाचा रंगीत सिनेमा १९६३ ला सुरू केला, गुलाबी-हिरव्या रंगांचा, त्यात एक प्रचंड मोठा केक आहे, शिल्पकार क्लेस ओल्डेनबर्गने केलेला, आणि त्या केकवर नाचणाऱ्यांत चित्रकार अँडी वॉरहॉलसुद्धा आहे. हा सिनेमा जॅकने शेवटपर्यंत बंद केला नाही.

दाखवायचा कसा, तर स्वतः प्रोजेक्टरपाशी उभा राहून. एक रीळ चालू आहे तोवर दुसरं हातात, तुकडे कापायचे, मास्किंग टेपने चिकटवायचे, पुढेमागे करायचे, बाजूला ग्रामोफोनवर स्वतःच्या संग्रहातल्या जुन्या रेकॉर्ड. एडिटिंग प्रेक्षकांसमोर. ज्यांनी हाताने फिल्म जोडलीय त्यांना कळेल हे काय आहे, एक जोड सुटला की संपलं, आणि तो तर मुद्दामच ती भीती अंगावर घेत होता. जेरी टार्टालिया यांनी पुढे या सिनेमांचं रिस्टोरेशन केलं तेव्हा त्यांच्यासमोर असेच टेपचे तुकडे होते.

साठचं दशक संपता संपता त्याने ग्रीन स्ट्रीटवरच्या ३६ नंबरच्या इमारतीत जागा घेतली. तो भाग आज सोहो म्हणून श्रीमंत आहे, तेव्हा बंद पडलेल्या कारखान्यांचा होता. जागेला नाव दिलं 'प्लास्टर फाउंडेशन ऑफ अटलांटिस'. मधोमध भंगाराचा डोंगर, तेच नेपथ्य. प्रयोग मध्यरात्रीचा म्हणून सांगायचे आणि मध्यरात्र उलटून गेली तरी सुरू नाही, जॅक येतो, एक वस्तू उचलतो, दुसरीकडे ठेवतो, जातो. लाइट हलवतो. रेकॉर्ड बदलतो. लोक कंटाळून निघून जायचे. जे उरायचे त्यांना कळेचना की प्रयोग सुरू झालाय की अजून तयारी चाललीय, आणि हळूहळू लक्षात यायचं की तयारी हाच प्रयोग आहे. मी आयुष्यभर पडदा उघडायच्या आधीचे दोन तास रंगमंचावर काढलेत, शिडीवर चढून लाइट फोकस करत, त्यामुळे हे वाचलं तेव्हा मला रडू आलं. त्या दोन तासांत काहीतरी असतं जे नंतर नसतं, ते मला कायम माहीत होतं, आणि कोणीतरी तेवढंच लोकांना दाखवलं होतं.

त्याचा दुसरा मोठा विषय भाडं. घरमालक. त्याच्या जगात घरमालक म्हणजे शेवंड, तीच ती समुद्रातली, नांग्यांनी धरणारी, लॉबस्टर. प्रयोगांच्या नावांतच 'रेंटेड' शब्द यायचा, भाड्याचं बेट, भाड्याचं जग. आणि झालंही तसंच, सत्तरचं दशक सुरू होऊन फार वर्षं झाली नव्हती तेव्हाच ती ग्रीन स्ट्रीटची जागा गेली. इब्सेनचं 'घोस्ट्स' केलं त्याने सत्तरच्या दशकात, नट टिकेनात, तालमीला येईनात, तर भूमिका खेळण्यातल्या प्राण्यांना दिल्या. त्याची एक खेळण्यातली पेंग्विन होती, योलांडा, ती तर त्याची नायिकाच झाली. ऐकायला गंमत वाटते पण ज्याने कोणी बिनपैशाचं नाटक केलंय त्याला यातला एकटेपणा कळेल, तालमीला कोणी आलं नाही म्हणून प्रयोग रद्द करायचा नाही हा हट्ट कळेल.

हे सगळं मला कुठून कळलं? मुद्दा तोच आहे. १९७० च्या जुलैमध्ये 'व्हिलेज व्हॉइस' या न्यूयॉर्कच्या साप्ताहिकात एकाने आपल्या नेहमीच्या सदरात त्या ग्रीन स्ट्रीटच्या एका रात्रीबद्दल लिहिलं. मूठभर प्रेक्षक, भंगार, उशीर, रेकॉर्डवरचं संगीत, आणि मग पहाटेच्या अंधारात रस्त्यावरून चालत परत येताना मनात काय चाललं होतं तेसुद्धा. लिहिणारा कोण, तर जोनास मेकास. तोच, ज्याला जॅक शिव्या घालत होता! मेकास गेला, शेवटपर्यंत बसला आणि आदराने लिहिलं. दुसरा एक स्टीफन ब्रेख्त, बर्टोल्ट ब्रेख्तचा मुलगा, ज्या ब्रेख्तच्या नाटकावरून पुलंनी 'तीन पैशाचा तमाशा' केला त्याच ब्रेख्तचा. हा स्टीफन जॅकच्या प्रयोगांना जाऊन बसायचा आणि कोण कुठून आलं, काय उचललं, किती वेळ गेला, सगळं बारकाईने नोंदवायचा, ते १९७८ मध्ये पुस्तकात आलं. आज जगात कोणालाही जॅक स्मिथच्या प्रयोगांवर बोलायचं असेल तर या दोघांच्या लिखाणापाशी यावंच लागतं. सिनेमा सिनेटर्सनी पाहिला, पण ही वीस वर्षं टिकली ती त्या खोलीत बसून लिहिणाऱ्या दोनचार माणसांमुळे.

जॅक गेल्यावर त्याच्या ईस्ट व्हिलेजमधल्या घरातलं सामान, रिळं, फोटो, वेषभूषा, हे सगळं फेकलं जाणार होतं. पेनी आर्केड ही परफॉर्मन्स आर्टिस्ट आणि समीक्षक जे. होबरमन यांनी ते सांभाळलं, वर्षानुवर्षं. (समीक्षक, परत एकदा! वर्तमानपत्रात लिहिणारा माणूस.) मग बहिणीने दावा केला, २००४ मध्ये कोर्टाने तिच्या बाजूने निकाल दिला आणि २००८ मध्ये ते सगळं ग्लॅडस्टोन गॅलरीने विकत घेतलं. ज्याने आयुष्यभर विकली जाईल अशी वस्तू करायची नाही म्हणून ठरवलं त्याचं हे असं झालं, याबद्दल मला काय वाटतं ते नीट सांगता येत नाही, पण निदान रिळं वाचली.

आता आपल्याकडे या. २००९ मध्ये बर्लिनच्या आर्सेनल या संस्थेने जॅक स्मिथवर पाच दिवसांचा मोठा महोत्सव केला. हीच ती आर्सेनल संस्था, जिच्याकडे आपल्या 'घाशीराम कोतवाल' सिनेमाची प्रिंट टिकली! १९७६ चा, फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या मुलांनी सहकारी पद्धतीने केलेला, मणी कौल, हरिहरन, कमल स्वरूप, सईद मिर्झा, पटकथा तेंडुलकरांची, नाना फडणवीस मोहन आगाशे. आपला मराठी सिनेमा, पुण्याचीच गोष्ट, आणि फिल्म आर्काइव्ह १९६४ पासून पुण्यातच आहे, तरी तो बघायचा तर बर्लिनकडे बघायला लागलं. त्याची निदान फिल्म तरी होती. मुंबईत दादरच्या छबिलदास शाळेच्या त्या हॉलमध्ये १९७४ पासून पुढे जे काय झालं त्यातलं किती शूट झालंय? जे कळतं ते माधव मनोहर, कमलाकर नाडकर्णी यांच्यासारख्या समीक्षकांनी पेपरात लिहिलं म्हणून कळतं. ते कधी कडक लिहायचे, नट चिडायचे, पण तारीख वार जागा आणि काय घडलं ते छापलं जायचं.

माझं स्वतःचं सांगते. नव्वदच्या दशकात आम्ही पाच जणांनी एक प्रयोग केला होता, एका शाळेच्या हॉलमध्ये, १६ एमएमचा जुना प्रोजेक्टर भाड्याने आणून, एक मुलगी पडद्यासमोर उभी राहायची आणि तिच्या पांढऱ्या साडीवर फिल्म पडायची, ती हलली की चित्र हलायचं. चार प्रयोग झाले. व्हिडिओ नाही, फोटो तीन, तेही हललेले. पाच जणांतली ती मुलगी आता नाही. तिच्या मुलाने मध्यंतरी मला विचारलं, आई नेमकं काय करायची हो मावशी? मी तासभर बोलले आणि मला जाणवत होतं की मी माझी आठवण सांगतेय, तिचं काम नाही. मग कपाटातून चौदा ओळींचं कात्रण काढून दिलं, एका दैनिकात आलेलं. त्यात लिहिलंय की दुसऱ्या रिळाच्या वेळी तिने दोन्ही हात वर केले आणि साडीच्या पदरावर समुद्र आला. मी हे विसरले होते. मी तिथे लाइटच्या बोर्डावर होते आणि विसरले होते! त्या मुलाने ती ओळ मोबाईलमध्ये फोटो काढून घेतली.

तुम्ही म्हणाल आता सगळ्यांकडे मोबाईल आहेत, रील येतात, परीक्षणाची गरज काय. मी रोज बघते ही रील. तीस सेकंद, सगळ्यात झगझगीत क्षण, वरती दुसरंच गाणं. त्यात हे नसतं की मधे वीस मिनिटं काहीच घडलं नाही आणि कोणी हललं नाही, किंवा चार जण उठून गेले, किंवा लाइट गेले आणि नटाने अंधारात चालू ठेवलं. आणि फोन बदलला, अकाउंट बंद पडलं की तेही गेलं. पेपरचं कात्रण तीस वर्षं कपाटात राहतं, पिवळं पडतं पण वाचता येतं. शिवाय लिहिणारा माणूस त्या ग्रुपचा नसतो, त्याला स्वतःचं कौतुक करायचं नसतं, हा फरक फार मोठा आहे.

पुण्यात सुदर्शन रंगमंचाला, मुंबईत, कोल्हापूर, नाशिक, औरंगाबादकडे, पणजीत तरुण मुलंमुली प्रोजेक्टर, शरीर, आवाज, जुन्या फिल्मचे तुकडे घेऊन काहीबाही करून बघतायत. सगळं चांगलं नसतं. मी स्वतः कितीदा कंटाळून बाहेर आलेय. पण यातला एखादा जॅक असेल तर तो आत्ता तीस खुर्च्यांसमोर आहे आणि उद्याच्या पेपरात त्याच्याबद्दल एक ओळ येणार नाहीये. वीस वर्षांनी त्याच्यावर केस झाली तर मात्र येईल.

म्हणून मागणी एवढीच. तो शेवटच्या पानावरचा कोपरा परत सुरू करा. आठवड्याला एक प्रयोग, दीडशे शब्द. स्तुती नको, तारे नकोत. तारीख, जागा, किती वेळ चालला, किती लोक होते, लाइट कोणी केले (हे लिहायला लोक नेहमी विसरतात), आणि काय घडलं ते जसं दिसलं तसं. लिहायला माणूस मिळत नसेल तर मी आणि माझे दोन जुने सहकारी आळीपाळीने जाऊन लिहून द्यायला तयार आहोत, मानधन नको, फक्त ज्या प्रयोगात आमचं काम असेल तो आम्ही लिहिणार नाही. पहिला मजकूर सोबत जोडलाय, परवा रात्री नारायण पेठेत एका वाड्याच्या अंगणात झालेल्या प्रयोगाचा. सव्वा तास, बावीस प्रेक्षक, एक प्रोजेक्टर, एक नट. दीडशेच्या वर चार शब्द झालेत, ते तुम्ही कापा.

आपली,
एक जुनी वाचक (नाव छापू नये ही विनंती), पुणे ३०